कंसाचे शिर आणि माऊलींचा अश्व

पडद्यावरचा देव कॅमेऱ्याच्या युक्तीने घडवलेला आहे हे ठाऊक असूनही त्याच्यापुढे जोडलेले हात भ्रमात जोडले गेले असे म्हणावे का, हा प्रश्न दादासाहेब फाळके यांच्या चित्रपटांनी उभा केला. त्या युक्त्यांची परंपरा मात्र पॅरिसच्या जादूच्या रंगमंचाकडे जाते. जादूगार जॉर्ज मेलिएस याने १८९६ पासून कॅमेरा मध्येच थांबवून दृश्यातली वस्तू बदलण्याची आणि पुढे एकाच फिल्मवर दोनदा चित्रण करण्याची रीत हशा पिकवण्यासाठी वापरली. १९०१ च्या एका लघुपटात तो स्वतःचेच डोके मेजावर ठेवून भात्याने फुगवतो आणि अखेर मदतनिसाच्या हातून ते फुटते. फाळके हेही 'प्रोफेसर केळफा' या नावाने जादूचे प्रयोग करणारे. त्यांच्या 'श्रीकृष्ण जन्म' (१९१८) या चित्रपटात कंसाचे शिर धडावेगळे होऊन वर जाते आणि पुन्हा जागेवर येते. जातकुळी तीच, पण तिथे खेळ होता, इथे पापी मनाचे भय आहे.

भ्रमाचे उदाहरण म्हणून घेतल्या जाणाऱ्या, दोरीवर भासणाऱ्या सापाला अद्वैत वेदान्तात प्रातिभासिक, म्हणजे भासापुरतेच असणारे, मानतात. दोरी ओळखताच सापाचा बाध होतो, अर्थात नव्या ज्ञानाने आधीचे ज्ञान रद्द ठरते. देवाच्या दर्शनाला मात्र हा दृष्टान्त लागू पडत नाही. आषाढी वारीत ज्ञानेश्वरांची पालखी माळशिरसला मुक्कामाला येते आणि याच तालुक्यात खुडूस येथे गोल रिंगण होते. त्यात धावणाऱ्या दोन अश्वांपैकी एकावर स्वार असतो, दुसऱ्याची पाठ मोकळी असते, आणि त्या मोकळ्या पाठीवर माऊली, म्हणजे ज्ञानेश्वर, आहेत या श्रद्धेने वारकरी त्याच्या टापांखालची माती कपाळी लावतात. पाठ रिकामी आहे हे प्रत्येकाला दिसते, कोणीही फसलेला नसतो, आणि तरीही माऊलींचा बाध होत नाही. 'अमृतानुभवा'त अज्ञानाचे खंडन करून दृश्य जगाला चैतन्याचाच विलास मानणाऱ्या ज्ञानदेवांच्या सोहळ्यात हे घडावे, हे अगदी सुसंगत आहे.

फाळके यांनाही फसवणूक नको होती, याचा भक्कम पुरावा 'कालिया मर्दन' (१९१९) मध्ये आहे. कथा सुरू होण्यापूर्वीच त्यांची लहान मुलगी मंदाकिनी कॅमेऱ्यासमोर चेहऱ्यावरचे भाव एकामागून एक बदलून दाखवते, म्हणजे कृष्ण कोण होणार आहे हे प्रेक्षकाला आधीच कळलेले असते. आणि पुढे तीच कालियाच्या फण्यावर उभी राहते, तेव्हा ते कळणे कृष्णाच्या आड येत नाही.