श्रेय कोणाचें आणि दायित्व कोणाचें ?

नाटक लेखक लिहितो, नट तें वठवितो, नेपथ्यकार त्यास रंगरूप देतो. मग निर्माता म्हणून ज्याचें नांव पडद्यावर झळकतें, तो गृहस्थ नेमकें काय करतो? आमच्या वर्गांतील एका विद्यार्थिनीनें हा प्रश्न मला विचारला तेव्हां, "पैसा उभा करतो," असें सांगून मीं वेळ मारून नेली. घरीं आल्यावर मात्र तें उत्तर माझें मलाच पोचट वाटूं लागलें. कारण प्रश्न चित्रपटाच्या धंद्यापुरता नव्हता. दुसऱ्याच्या हातून घडलेल्या कृतीचें श्रेय घेण्याचा अधिकार मनुष्यास कशानें प्राप्त होतो, हा त्याचा खरा रोख होता. आणि शिक्षक, संपादक, संस्थाचालक ह्या सर्वांस तो सारखाच लागू पडतो.

विचाराला आधार म्हणून एक चरित्र घेऊं. इंग्लंडांतील व्हेरिटी लॅम्बर्ट (१९३५–२००७) ह्यांनीं दूरचित्रवाणीच्या व्यवसायांत चिटणिसाच्या कामापासून आरंभ केला. त्या काळीं नाटकें थेट प्रक्षेपित होत असत. १९५८ च्या नोव्हेंबरांत 'अंडरग्राउंड' हें नाटक चालू असतांच गॅरेथ जोन्स हा नट एकाएकीं मरण पावला. उरलेल्या नटांस सांवरण्यासाठीं दिग्दर्शक टेड कॉचेफ खालीं धांवले, आणि नियंत्रणकक्षांतून कॅमेरे हाताळविण्याचा भार जेमतेम तेविशींतल्या लॅम्बर्टबाईंवर पडला. प्रयोग शेवटास गेला. प्रेक्षकांस त्यांचें नांवही ठाऊक नव्हतें.

पुढें १९६३ मध्यें सिडने न्यूमन ह्यांनीं त्यांस बी. बी. सी. मध्यें बोलावून 'डॉक्टर हू' ही नवी मालिका त्यांच्या स्वाधीन केली. पहिला भाग न्यूमन ह्यांस पसंत पडला नाहीं. तो पुन्हां चित्रित करावा लागला. तो प्रक्षेपित झाला २३ नोव्हेंबर १९६३ रोजीं, म्हणजे केनेडींच्या हत्येच्या दुसऱ्याच दिवशीं. त्यामुळें पुढील आठवड्यांत तो फिरून दाखवावा लागला. चमत्कारिक राक्षस मालिकेंत नकोत, अशी न्यूमन ह्यांची सक्त ताकीद होती. तरीही टेरी नेशन ह्यांची 'डॅलेक' नामक यांत्रिक शत्रूंची कथा लॅम्बर्टबाईंनीं पुढें रेटली. वरिष्ठ नाखूष होते. परंतु दुसरी संहिता तयार नव्हती, आणि बाईंचा त्या कथेवर विश्वास होता. डॅलेकांनीं इंग्लंडांतील मुलांस वेड लावलें आणि मालिकेचें भवितव्य ठरलें.

येथें आपला प्रश्न उभा राहतो. डॅलेक कोणाचे ? कथा नेशन ह्यांची, रूप रेमंड क्युसिक ह्या नेपथ्यकाराचें. नेशन ह्यांस स्वामित्वाचा वांटा मिळाला. क्युसिक पगारी नोकर असल्यामुळें खेळण्यांच्या त्या प्रचंड विक्रींतून त्यांस मानधनाचा हक्क उरला नाहीं. मालिकेचें शीर्षकसंगीत रॉन ग्रेनर ह्यांनीं रचिलें, पण त्याला तो अपूर्व नाद दिला डेलिया डर्बिशायर ह्यांनीं. ग्रेनर स्वतः त्यांस श्रेय देऊं इच्छीत होते. संस्थेचा नियम आड आला. डर्बिशायर २००१ मध्यें वारल्या, आणि पडद्यावर त्यांचें नांव उमटलें तें २०१३ मध्यें ! हे नियम लॅम्बर्टबाईंनीं केलेले नव्हते, हें न्यायानें सांगितलें पाहिजे. पण ह्या दोन कारागिरांच्या अनामिकतेशेजारीं निर्मात्याचें नांव ठेवून पाहिल्यावांचून विचार पुरा होत नाहीं.

माझ्या मतें येथें श्रेयाचे दोन प्रकार एकमेकांत मिसळले जातात. एक घडविण्याचें श्रेय. तें ज्याच्या हातून व बुद्धींतून वस्तु उतरली त्याचें, आणि तें दुसऱ्या कोणासही घेतां येत नाहीं. दुसरें पत्करण्याचें श्रेय. अनेक शक्यतांतून एक निवडणें, इतर सर्व नाहीं म्हणत असतां होय म्हणणें, आणि परिणामास उत्तर देण्यास उभें राहणें, हें सुद्धां कर्मच आहे. परंतु ह्या दुसऱ्या श्रेयास एक कसोटी आहे: यश आलें तर माझें, अपयश आलें तर मंडळींचें, असें म्हणणाऱ्यास तें मिळूं नये. लॅम्बर्टबाईंच्या स्वतःच्या संस्थेनें निर्मिलेली 'एल्डोराडो' ही मालिका १९९२ मध्यें मोठ्या गाजावाजानें सुरू झाली आणि वर्षभरांत बंद पडली. तिचें अपयश त्यांच्या नांवावर कायमचें जमा झालें. म्हणूनच डॅलेकांच्या यशांत त्यांचा भाग मानावयास मला संकोच वाटत नाहीं.

कोणी म्हणेल, आपल्या परंपरेंत फलाशा सोडून कर्म करावें असें सांगितलें आहे. मग नांवाची एवढी मातब्बरी कां? हा आक्षेप उदात्त दिसतो खरा. पण निष्कामता हें व्रत आहे, आणि व्रत ज्याचें त्यानें घ्यावयाचें असतें. स्वतःचें फळ सोडणारा त्यागी होय. दुसऱ्याचें फळ त्याच्या वतीनें सोडून देणारा त्यागी नव्हे. त्याला व्यवहारांत वेगळें नांव आहे.

हें मी अधिकारानें सांगतों असें नाहीं. वीस वर्षांपूर्वीं महाविद्यालयाच्या वार्षिकाचा संपादक मी होतों. त्या वर्षीचें मुखपृष्ठ कार्यालयांतील एका कारकुनानें रात्रीं जागून काढून दिलें. अंकाची वाहवा झाली, ती मीं हात जोडून स्वीकारली. त्याचें नांव कोठेंच छापलें नव्हतें. सेवकवर्गाचीं नांवें छापण्याची वहिवाट नाहीं, असें मीं मनाशीं म्हटलें. अंकांत एक ढोबळ चूक निघाली, तेव्हां मात्र मुद्रकाकडे बोट दाखविण्यास मला वहिवाट आठवली नाहीं. त्या गृहस्थांनीं कधीं तक्रार केली नाहीं. आतां ते हयात नाहींत.

दुसऱ्या दिवशीं वर्गांत मीं त्या मुलीस सांगितलें, "काल मीं दिलेलें उत्तर चुकीचें होतें. निर्माता तो, जो चूक आपली म्हणतो आणि काम ज्याचें त्याचें म्हणतो." ती क्षणभर थांबून म्हणाली, "मग सर, असे निर्माते फार थोडे असतील." मीं होय म्हटलें, आणि त्या थोड्यांत मी नव्हतों, हेंही तिला सांगितलें.