उसने दिलेले नाव

माउली, आपण नामधारक. नावाचे मोल आपल्याला नव्याने सांगायला नको. म्हणूनच आपल्याच जिल्ह्यातली एक गोष्ट मनातून जात नाही.

नोव्हेंबर २०२४ मध्ये मालेगावात गुन्हा नोंदला गेला. बाजार समितीत नोकरी लावतो, असे सांगून तरुणांकडून आधार, पॅन आणि सह्या घेतल्या; त्यांवर नाशिक मर्चंट्स को-ऑपरेटिव्ह बँकेच्या तिथल्या शाखेत खाती उघडली, असा आरोप. त्या खात्यांतून १०० कोटींहून अधिक रुपये फिरल्याचे सांगितले गेले. मग ईडीनेही तपास हाती घेतला.

पैसा नावानावांतून फिरवला की त्याचा मूळ धनी दिसेनासा होतो. याला म्हणे पैसा धुणे म्हणतात. आपण पाप धुवायला गोदावरीवर जातो. हे लोक गरिबाच्या नावात धुतात.

फसवल्या गेलेल्या पोरांना मी बोल लावणार नाही. पोटाला नोकरी हवी होती, सही केली. २००२ चा कायदाही जाणूनबुजून मदत केली का, ते पाहतो. पण जाणणे आणि न जाणणे यांच्यामध्ये एक जागा आहे, माउली. तिथे माणूस विचारतच नाही. चार-पाच हजारांसाठी कोणी पासबुक आणि एटीएम कार्ड परक्याच्या हाती देतो आणि 'कशाला हवंय?' एवढे दोन शब्द गिळतो. त्याला ठाऊक नसते हे खरेच. ठाऊक होऊ नये, याची काळजीही त्यानेच घेतलेली असते.

हे मी कोणत्या तोंडाने सांगतो, तेही ऐका. तुकोबारायांनी कीर्तनाच्या ठिकाणी अन्नसुद्धा घेऊ नये असे बजावले आहे. मी मात्र चाळीस वर्षे बिदागी घेतली. एका सप्ताहात काल्याच्या कीर्तनानंतर यजमानाने नेहमीच्या पाचपट जड पाकीट दिले. त्याचा धंदा काय, हे गावात कोणी मोठ्याने बोलत नव्हते. मी विचारले नाही. पाकीट उपरण्यात बांधले आणि मिळेल त्या एसटीने निघालो.

वर्षभराने त्याच्या दारी पोलीस आले. तेव्हा तेवढी रक्कम घेऊन मी त्र्यंबकेश्वरी गेलो आणि निवृत्तिनाथांच्या पेटीत टाकली. फार हलके वाटले.

घरी येऊन सांगितले, तर आमच्या सौ. तांदूळ निवडता निवडता म्हणाल्या, "म्हणजे तुम्हीही धुतलेतच की."

त्यांना उत्तर द्यायचे अजून राहिले आहे.