रस्ता आणि हरकत

आमच्या गंगापूर रोडला पूर्वी शेतं होती असं सांगितलं, तर नवी माणसं हसतात. आनंदवलीपासून सोमेश्वरच्या पुढं नुसत्या इमारती. रस्ता वाईट, असं मी म्हणणार नाही. आमची द्राक्षं रस्त्यानंच बाजारात गेली, अडलेली बाळंतीण रस्त्यानंच दवाखान्यात पोचली. माझा प्रश्न वेगळा आहे. सगळ्यांच्या सोयीसाठी एकाची जमीन घेतली, तर त्या एकाचं देणं कशानं फिटतं?

कायदा म्हणतो, पैशानं. इंग्रजांचा १८९४चा कायदा गेला आणि १ जानेवारी २०१४ पासून नवा लागू झाला. त्यात बाजारभाव, खेड्यात त्यावर गुणक, वर तेवढीच दिलासा रक्कम. राष्ट्रीय महामार्ग असेल तर कायदा १९५६चा, हरकतीला २१ दिवस. शहराच्या आराखड्यातला रस्ता असेल तर १९६६चा नगररचना कायदा, तिथं पैशाऐवजी टीडीआरही देतात. हे सगळं चांगलंच. पण ‘देत नाही’ म्हणायची सोय यात बहुतेक कुठं नाही. मालमत्तेचा हक्क ४४व्या घटनादुरुस्तीनं मूलभूत राहिला नाही. उरलं ते ३००अ कलम: कायद्याच्या आधाराशिवाय कुणाचं काही काढून घेता येणार नाही.

मग या संरक्षणाला अर्थ काय? हिमाचल प्रदेशात १९६७-६८ साली एका निरक्षर बाईची जमीन रस्त्यात गेली. ना भूसंपादन, ना मोबदला. पुढं सरकार कोर्टात म्हणालं, इतकी वर्षं वहिवाट आमची, म्हणून जमीन आमची. बाई तोवर ऐंशीची झालेली. २०२०च्या जानेवारीत सुप्रीम कोर्टानं सरकारचं म्हणणं फेटाळलं आणि मोबदला द्यायला लावला. बांध कोरणाऱ्या भाऊबंदाला जे शोभत नाही, ते सरकारला कसं शोभावं?

आणखी एक गोष्ट मनाला डाचते. ज्याची जमीन रस्त्याखाली जाते त्याला भाव मिळतो रस्ता नसतानाचा. शेजाऱ्याची जमीन रस्त्याला लागते, त्याला मिळतो रस्ता झाल्यानंतरचा. झळ एकाला, सावली दुसऱ्याला. शेजाऱ्याचा यात दोष नाही. पण हा हिशेब कुठल्याच निवाड्यात धरलेला नसतो.

म्हणून मला वाटतं, पैशानं जमिनीची किंमत चुकती होते, माणसाचं देणं नाही. ते फिटतं आधी विचारण्यानं, कारण सांगण्यानं, त्याचं म्हणणं बसून ऐकण्यानं. हरकत म्हणजे आडमुठेपणा नव्हे. २०१३च्या कायद्यात रक्कम घेताना ‘हरकत राखून’ असं नोंदवलं नाही, तर वाढीव मोबदल्याचं प्रकरण पुढं पाठवून घ्यायची वाट बंद होते. दोन शब्दांचं काम, पण त्या दोन शब्दांत शेतकरी हात पसरणारा राहत नाही, बरोबरीनं व्यवहार करणारा होतो. जमीन जाईल तर जाईल. तेवढी बरोबरी मात्र सोडू नये.