घराचे मोल आणि ऋणाचे मोल

गृहस्थाने ऋण काढून घर करावे की करू नये, हा प्रश्न अलीकडे कीर्तन आटोपल्यावर आम्हास पुष्कळ ठिकाणी विचारला जातो. अंबड, परतूर, घनसावंगी, भोकरदन, कोठेही जा. पूर्वी मंडळी लग्नाचा मुहूर्त विचारीत, वाटणीचा तंटा पुढे ठेवीत. आता पोथी बांधून होते न होते तोच कोणी तरी जवळ सरकून म्हणतो, “महाराज, बँकेचं कर्ज काढून जालन्यात घर घ्यावं म्हणतो. घ्यावं का?” आम्ही उलट विचारतो, “केवढ्याला पडतं?” तो म्हणतो, “वीस लाखाला.” येथेच सारी मेख आहे. वीस लाख हे घराचे मोल झाले. ऋणाचे मोल त्याने अजून कोणाला विचारलेच नाही.

हिशेब म्हटला की आपल्यातला परमार्थी माणूस नाक मुरडतो. पण नाथमहाराजांची कथा आठवा. देवगिरीस जनार्दनस्वामींपाशी असताना हिशेबात एका पैची चूक लागेना, म्हणून नाथ रात्रभर दिव्यापाशी बसले, आणि चूक सापडताच त्यांनी आनंदाने टाळी वाजविली, अशी कथा आहे. एका पैसाठी एवढा आनंद, तर संसाराची चूक सापडल्यावर केवढा होईल, हा तिचा उत्तरार्ध आम्ही कीर्तनकार रंगवून सांगतो. पूर्वार्ध मात्र झटकन उरकतो. अहो, जो एका पैसाठी जागला त्यालाच पुढचे कळले! म्हणून आज आपण पूर्वार्धाचे निरूपण करू.

समजा, २०,००,००० रुपये कर्ज घेतले. व्याज दर साल दर शेकडा ९, मुदत २० वर्षे. महिन्याचा हप्ता येतो सुमारे १७,९९५ रुपये. असे हप्ते २४०. सगळ्यांची बेरीज सुमारे ४३,१८,७०० रुपये. त्यातून मुद्दल वजा करा. व्याज उरते २३,१८,७०० रुपये. म्हणजे एक घर आपण घेतले, आणि एका घराहून अधिक पैसा व्याजात गेला.

आता पहिला हप्ता फोडून पाहा. १७,९९५ पैकी १५,००० व्याजाचे. मुद्दलात गेले अवघे २,९९५. पाच वर्षे एकही हप्ता न चुकविता भरलेत, तर १०,७९,७०० रुपये खिशातून गेले. पण मुद्दल उतरले सुमारे २,२५,९०० च. अजून १७,७४,१०० देणे आहेच. निम्मे मुद्दल फिटावयास किती काळ लागतो? दहा वर्षे, असे सगळे म्हणतात. नाही. चौदा वर्षे लागतात. यात कोणाची लबाडी आहे असे समजू नका. व्याज नेहमी शिल्लक मुद्दलावर चढते, आणि आरंभी मुद्दल सगळेच शिल्लक असते. गणित सरळ आहे. आपण ते केलेले नसते, एवढेच.

मोह पडतो तो मुदतीचा. हप्ता जड वाटला की माणूस म्हणतो, “मुदत वाढवा, हप्ता कमी करा.” हेच कर्ज ३० वर्षांचे केले तर हप्ता १६,०९२ होतो. महिन्याला १,९०० रुपयांची सुटका झाली, पण एकूण व्याज ३७,९३,३०० वर गेले. म्हणजे साडेचौदा लाखांहून अधिक रुपये जास्त. उलट मुदत १५ वर्षांवर आणली तर हप्ता २०,२८५ होतो आणि व्याज १६,५१,४०० वर उतरते. महिन्याला सुमारे २,३०० रुपये अधिक सोसले, तर साडेसहा लाखांवर वाचतात. हलका हप्ता म्हणजे हलके ऋण नव्हे. डोक्यावरचे गाठोडे तेवढेच. वाट लांबली, की तेच जड होते.

दुसरी गोष्ट दराची. बहुतेक गृहकर्जांचा दर स्थिर नसतो, चढतो-उतरतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेने आपला रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहावर नेला. २०२५ मध्ये तो पुन्हा उतरविला. समजा कोणी वीस लाख ७ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले होते. हप्ता १५,५०६. कर्ज नवे असतानाच दर साडेनऊ झाला, तर महिन्याचे नुसते व्याज १५,८३३ होते. म्हणजे हप्ता भरूनही ऋण वाढते! अशा वेळी पुष्कळदा हप्ता तोच ठेवून मुदत लांबविली जाई आणि घरधन्याला त्याचा पत्ता नसे. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितले की दर बदलताना हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही करावे, हे ऋणकोला निवडू द्यावे. पण निवड करावयाची तर आधी समजले पाहिजे, होय की नाही?

तिसरी गोष्ट बारीक खर्चांची. विम्याचे ६०,००० रुपये “कर्जातच धरून टाकू” असे कोणी गोड बोलून सांगितले, तर ९ टक्क्यांनी वीस वर्षांत त्याचे सुमारे १,२९,५०० होतात.

येथे कोणी पूर्वपक्ष करील: “महाराज, भाड्याचं काय? महिना सात हजार भाडं धरलं आणि ते कधी वाढलं नाही असं मानलं, तरी वीस वर्षांत १६,८०,००० जातात, आणि घर काही आपलं होत नाही. शिवाय वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा थोडाच राहतो?” पूर्वपक्ष खरा आहे, आणि आम्ही तो खोडीत नाही. पैशाचे मोल उतरते, पगार वाढतो, घराची किंमतही पुष्कळदा चढते. बँक जो पैसा देते तो कोणा तरी ठेवीदाराचा असतो. त्यालाही व्याज द्यावे लागते. ऋण काढून घर करणे पाप नव्हे. पण या पूर्वपक्षाने एवढेच सिद्ध होते की ऋण घेता येईल. ते न मोजता घ्यावे, असे त्यातून निघत नाही.

आपल्या पूर्वजांनी याचा विचार बारकाईने केला होता. कौटिल्याने अर्थशास्त्रात शेकडा सव्वा पण दरमहा हे व्याज धर्म्य म्हटले. म्हणजे सालीना पंधरा. आणि मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात असा नियम आहे की, एकदम वसूल करावयाचे झाल्यास मुद्दल व व्याज मिळून मुद्दलाच्या दुपटीपलीकडे जाऊ नये. हीच दामदुपट. इंग्रजी अमलात मुंबई इलाख्यातील न्यायालयांनीही हिंदूंपुरती ती मानली. कोणी म्हणेल, मग तेवीस लाखांचे व्याज दामदुपटीबाहेर गेले! तसे नाही. तो नियम साचून थकलेल्या व्याजास आहे. महिन्याच्या महिन्याला आपण देत गेलो त्या व्याजास नाही. पण नियमाचा हेतू पाहा. ऋणास कोठे तरी कुंपण असावे, म्हणजे त्याने माणसाचे सारे आयुष्य खाऊ नये, हा तो हेतू. हप्त्याच्या ऋणास शास्त्राचे ते कुंपण नाही. म्हणून ते ऋणकोने आपल्या हाताने घालावयाचे असते, आणि त्या कुंपणाचे नाव मुदत.

आता आमचे खरे म्हणणे सांगतो. जुन्या व्यवहारात नजरगहाण म्हणून प्रकार आहे. घर आपल्या ताब्यात, आपण त्यात राहतो. हक्क मात्र सावकाराकडे अडकलेला. गृहकर्ज हे त्याच जातीचे. पण घराचे कागद तर नुसते दिसावयाचे. खरे गहाण पडतात ते पुढचे २४० महिने. पस्तिशीतला माणूस सही करतो आणि पंचावन्नपर्यंतचे आयुष्य ठेवून येतो. त्या महिन्यांत मुलीचे शिक्षण आहे, आईचे दुखणे आहे, एखादे वर्ष काम सुटण्याचे आहे. ते महिने अजून त्याच्या हाती आलेलेच नाहीत. जे हाती नाही ते देतो म्हणणे हे वचन केव्हा होते? मोजून, झेपेल तेवढेच बोलले तर ते सत्य. न मोजता बोलले तर तो नुसता अंदाज. त्या अंदाजाला आपण शंभर कागदांवर सह्या करून सत्याचे रूप देतो, यात अधर्म शिरतो. शिवाय ते महिने एकट्याचे नसतात. पत्नीला सहकर्जदार म्हणून सही करावयास नेतात. सहधर्मचारिणीची सही घेतात, मत घेत नाहीत. ज्याला फेडावयाचे आहे त्याला आधी आकडा सांगावा, एवढी नीती तरी पाळावी.

आपल्या जालना जिल्ह्यात हे अधिकच जपावे लागते. “जालना सोने का पालना” ही म्हण आजही चालते. लोखंडाच्या कारखान्यांत, बियाण्यांच्या कंपन्यांत पगारावर असणाऱ्यास महिन्याचा हप्ता तरी जमतो. पण ज्याचे घर मोसंबीवर चालते त्याने काय करावे? आंबे बहर, मृग बहर. पैसा वर्षातून एकदा, फार तर दोनदा येतो. हप्ता मात्र बारा वेळा येतो. २०१२-१३ च्या दुष्काळात या जिल्ह्यातल्या मोसंबीच्या बागा उभ्या वाळल्या, हे वाचकांपैकी पुष्कळांनी पाहिले आहे. बाग वाळली म्हणून हप्ता थांबत नाही. हप्ता ९० दिवसांहून अधिक थकला की खाते बुडीत धरतात. मग २००२ च्या कायद्याप्रमाणे ६० दिवसांची नोटीस देऊन, कोर्टात दावा न लावताही, बँकेला गहाण घराचा ताबा घेण्याची वाट मोकळी होते. म्हणून उत्पन्न ज्या चालीने येते त्या चालीचेच ऋण घ्यावे. बैलाच्या चालीने येणाऱ्या पैशावर घोड्याच्या चालीचा हप्ता बांधू नये.

तुकोबारायांनी खते इंद्रायणीत बुडविली, मग आम्हीही... असे हसत म्हणणारे भेटतात. हा विचार उलटा आहे. तुकोबांच्या घरी महाजनकी होती, ती खते लोकांकडून येणे असलेल्या रकमांची होती. भावाचा अर्धा वाटा त्याला देऊन त्यांनी आपल्या वाट्याची खते बुडविली, अशी परंपरा सांगते. आपले येणे सोडणे हा त्याग. आपले देणे बुडविणे हा त्याग नव्हे. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यात सुपे येथे, आणि पुढे नगरकडेही, गांजलेल्या शेतकऱ्यांनी सावकारांची खते हिसकावून जाळली. त्यांचे दुःख खरे होते; म्हणूनच सरकारला १८७९ चा शेतकरी कायदा करावा लागला. पण पाहा, त्या शेतकऱ्यांचा मोठा घात कशाने झाला? काय लिहिले आहे ते न समजता अंगठा उठविल्याने. आज आपणास वाचता येते. वाचता येत असून न वाचता सही करणे यास काय म्हणावे?

तेव्हा प्रपंच्याने करावे काय? ऑक्टोबर २०२४ पासून बँकांनी कर्जदारास ठळक माहितीचे पत्रक द्यावयाचे आहे; त्यात व्याज व इतर खर्च धरून वर्षाची खरी टक्केवारी असते. ते मागून घ्यावे, आणि घरातल्या सर्वांस बसवून मोठ्याने वाचावे. पोथी वाचतो तसे. हप्त्यांचा तक्ता मागावा, आणि शेवटची बेरीज स्वतः करावी. विमा घ्यावयाचा तर वेगळा पैसा देऊन घ्यावा, कर्जात घालू नये. पैसा हाती आला की मुद्दलात भरावा. बदलत्या दराच्या गृहकर्जावर घरधन्यास मुदतीपूर्वी भरल्याचा दंड लागत नाही. वर सांगितलेल्या ९ टक्क्यांच्या कर्जात वर्षाकाठी एकच हप्ता जास्त भरीत गेले, तर ते सुमारे साडेतीन वर्षे आधी फिटते आणि चार लाख साठ हजारांच्या आसपास व्याज वाचते. आणि फिटल्यावर घराचे मूळ कागद ३० दिवसांत परत मिळावेत असा १ डिसेंबर २०२३ पासून नियम आहे. उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. कागद आणावयास विसरू नये.

एक गोष्ट उरली. “घराचा हप्ता आहे, यंदा आषाढी जमत नाही,” असे एखादा वारकरी खाली मान घालून सांगतो, तेव्हा आम्ही त्यास दोष देत नाही. दिलेले वचन पाळणे हाही धर्मच आहे, आणि ऋण बुडवून केलेली वारी पांडुरंगास रुचेल असे आम्हास वाटत नाही. पण वीस वर्षांत आषाढ्या वीस येतात. त्यांतल्या किती आपण सही करताना देऊन टाकीत आहोत, हे बँकेचे कोणतेच पत्रक सांगत नाही. तो आकडा ज्याचा त्याने मांडावयाचा. मांडून, घरच्यांस विचारून, तरीही कर्ज घ्यावे असे ठरले, तर निःशंक मनाने घ्यावे आणि नेटाने फेडावे. तसे घर सुखाचे होते.