रिकाम्या इंद्रियांचा कारभार

आमच्या निजामपुऱ्यात निखळ काळोख आता उरलेला नाही; मध्यरात्री वीज गेली तरी कुठल्यातरी सोसायटीचे जनरेटर घरघरू लागते, आणि म्हणूनच की काय, काळोखाविषयी येथील माणसे फार निर्धास्तपणे बोलतात. परंतु याच बडोद्यात, सुरतेची काँग्रेस दुभंगल्यानंतर, जानेवारी 1908 च्या सुमारास, सरदार मजुमदारांच्या वाड्यातील वरच्या मजल्यावर, संस्थानची नोकरी सोडून राजकारणात पडलेले अरविंद घोष योगी विष्णु भास्कर लेले यांच्यासमवेत तीन दिवस खोली बंद करून बसले. विचार बाहेरून येतात, त्यांना उंबऱ्यावरच अडवावे, एवढ्याच सूचनेवर आपले मन निःशब्द झाले, असे त्यांनीच पुढे सांगून ठेवले आहे.

मे महिन्यात त्यांना अटक होऊन अलीपूरच्या तुरुंगात एकांतवासाची कोठडी मिळाली: नऊ फूट लांब, पाच-सहा फूट रुंद, खिडकी नाही, पुढे लोखंडी गज. मौन साधलेला पुरुष तेथे अविचल राहिला असेल, ही आपली भाबडी समजूत. ‘कारा-काहिनी’ या आपल्या तुरुंगाच्या आठवणींत ते मोकळेपणी लिहितात की बुद्धीवरचा ताबा सुटतो की काय असे भय त्यांना वाटले, आणि काळ्या-तांबड्या मुंग्यांची झुंज पाहत, काळ्यांचा पक्ष घेऊन त्यांना वाचवीत त्यांनी वेळ काढला.

स्वेच्छेने मिटलेले दार वेगळे आणि सरकारी हुकमाचे कुलूप वेगळे, हे उत्तर सोपे आहे, पण मला ते अपुरे वाटते. 1950 नंतरच्या दशकात मॉन्ट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठात मानसशास्त्रज्ञ डोनाल्ड हेब व त्यांच्या सहकाऱ्यांनी विद्यार्थ्यांना दिवसाला 20 डॉलर देऊन, डोळ्यांवर धूसर चष्मे आणि हातांवर पुठ्ठ्याच्या नळ्या चढवून नुसते निजवून ठेवले; वाटेल तेव्हा उठून जाण्याची मुभा असूनही बहुतेकांना दोन-तीन दिवसांपलीकडे ते सोसवले नाही, कित्येकांना नसलेली दृश्ये दिसू लागली. काळोख तेथे नव्हताच. उजेड येत होता, फक्त त्यात आकार नव्हता. इंद्रियांकडून रोजची आवक थांबली की मन स्वतःच्याच कोठारातला जुना माल काढून खोटे हिशेब मांडू लागते.

लेल्यांनी सोपविलेला विचारांवरचा पहारा हे या दृष्टीने एक कामच होते. अंदमानात 1911 मध्ये पोचलेल्या सावरकरांनी कागदावाचून भिंतीवर ओळी कोरून पाठ केल्या, तेही कामच. अलीपुरात अरविंदांना घरून गीता आणि उपनिषदे मागविण्याची परवानगी मिळाली, पण ती हाती पडायला काही दिवस गेले, आणि एकांतवासाचे सामर्थ्य उमगण्यास तेवढी सवड पुरेशी झाली, असे ते नमूद करतात.