बाराव्या वर्षाची तारीख

कर्जत तालुक्यातल्या एखाद्या ठाकरवाडीवर शिक्षक रुजू झाला की त्याची बारा वर्षं कधी पुरी होणार, हे त्याच दिवशी ठरतं. तारीख सेवापुस्तकात असते. तरीही वरिष्ठ वेतनश्रेणी, म्हणजे आपल्या बोलण्यातला 'चटोपाध्याय', वेळेवर लागेलच असं नाही. गोपनीय अहवालाचं एक पान सापडत नाही आणि प्रस्ताव त्रुटीत परत येतो. मग पंचायत समिती ते अलिबागची जिल्हा परिषद, अलिबाग ते पंचायत समिती.

सरकारी नोकराचं देणं हा हक्क आहे, हे आपल्याकडे फार उशिरा रुजलं. पेन्शन ही मेहेरबानी नव्हे, असं सर्वोच्च न्यायालयाने १९७१ मध्ये देवकीनंदन प्रसाद खटल्यात सांगितलं. १९८२ च्या नाकरा निकालाने ते पक्कं केलं. पण मला मोठा टप्पा वाटतो तो १९८४ चा. पद्मनाभन नायर प्रकरणात न्यायालय म्हणालं, निवृत्तीचे पैसे सरकारच्या दोषामुळे रखडले तर बाजारदराने व्याज द्या. तोवर हक्क रकमेवर होता. आता तो वेळेवरही आला.

बढतीची गोष्ट वेगळी होती. वरची जागा रिकामी होईपर्यंत माणूस त्याच खुर्चीत म्हातारा होई. राज्याने १९९५ मध्ये कालबद्ध पदोन्नती आणली, २००१ मध्ये आश्वासित प्रगती योजना. जागा नसली तरी वर्षं मोजून वेतन वाढावं, हा न्याय सरकारने स्वतःच मान्य केला. अंमल रखडला की मात्र तलाठी 'मॅट'मध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जातो आणि जिल्हा परिषदेचे शिक्षक, ग्रामसेवक उच्च न्यायालयात.

इथेच मला बोच लागते. सर्वोच्च न्यायालयाच्या २००८ च्या तरसेम सिंग निकालाप्रमाणे उशिरा दाद मागणाऱ्याला साधारणपणे मागच्या तीन वर्षांचाच फरक मिळतो. २०१४ मध्ये अरविंदकुमार श्रीवास्तव प्रकरणात न्यायालयाने सांगितलं, की एकाला मिळालेला लाभ तशाच स्थितीतल्या इतरांनाही द्यावा. पण स्वस्थ बसून राहिलेल्यांना सहसा नाही. जुने हिशेब कायम उघडे ठेवता येत नाहीत, हे खरं. पण वाडीवरचा शिक्षक स्वस्थ बसलेला नसतो. साहेब म्हणाले 'होईल', म्हणून तो थांबलेला असतो. वकिलाची फी, रजा, आणि आपल्याच कार्यालयाविरुद्ध उभं राहण्याचा संकोच, हे सगळं त्या थांबण्यात असतं. ज्याने कार्यालयावर विश्वास ठेवला, त्याचाच फरक बुडतो.

निकाल लागल्यावर लाभ फक्त याचिकाकर्त्यांपुरता ठेवण्याची सवय म्हणूनच मोडायला हवी. त्याआधीचं काम तर कोर्टाचं नाहीच. कर्जत आणि खालापूर पंचायत समित्यांनी येत्या वर्षात बारा वर्षं, आणि निवडश्रेणीसाठीची चोवीस वर्षं, पुरी होणाऱ्या शिक्षकांची यादी जानेवारीतच लावावी. कुणाचं कोणतं पान कमी आहे, तेही तिथेच लिहावं. ते पान शोधायचं काम कार्यालयाचं, कारण अहवाल लिहिला साहेबांनी आणि ठेवला कार्यालयाच्याच कपाटात.