खड्डा आधी, रोप मागाहून

जून महिना उजाडला की सगळीकडे झाडे लावण्याची लगबग सुरू होते. ५ जूनला पर्यावरण दिन असतो. शाळेत, सोसायटीत, चर्चच्या आवारात रोपे येतात. कुदळीचे चार घाव घालून खड्डा होतो, रोप बसते, फोटो निघतो. पुढच्या मे महिन्यात त्यातली किती रोपे जगली, हे मात्र आपण सहसा मोजत नाही. कोणी विचारलेच, तर आपले उत्तर तयार असते : "हेतू तर चांगला होता ना!"

पण हेतू चांगला असला, की काम चांगले झाले असे म्हणता येईल का?

चिकूचेच उदाहरण घेऊ. हे झाड मूळचे मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतले. पण वसईपासून डहाणूपर्यंतच्या किनाऱ्यावर ते असे रुजले, की घोलवडच्या चिकूला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले. जाणता वाडीवाला चिकूचे काम रोप आणल्यावर सुरू करत नाही. तो एप्रिल-मेमध्येच एक मीटर लांब, तेवढाच रुंद आणि तेवढाच खोल खड्डा खणतो. म्हणजे भर उन्हात सुमारे दीड टन माती उपसायची! वरची कसदार माती तो एका बाजूला ठेवतो, खालची दुसऱ्या बाजूला. मग दोन-तीन आठवडे खड्डा तसाच उघडा टाकतो. पाहणाऱ्याला वाटेल, काम अर्धवट सोडले. खरे तर तेव्हा ऊन आपले काम करत असते. किडींची अंडी, तणाची मुळे, बुरशी त्या तापीने बरीचशी मरतात.

पावसाआधी तो वरची माती आणि दोन-तीन घमेली शेणखत मिसळून खड्डा भरतो. शेणखत पुरते कुजलेले हवे. कच्चे शेण घातले तर त्याच्या उष्णतेने कोवळी मुळे करपतात, वाळवी आणि हुमणी येते. म्हणजे घाईने केलेला उपकारही अपायच करतो. माती पावसात खाली बसते, म्हणून भर जमिनीपेक्षा थोडी उंच ठेवावी लागते. नाहीतर खोलगट जागेत पाणी साचून मुळे कुजतात. एवढे झाल्यावर, दोन-चार सरी पडून गेल्या की मग रोप लावायचे, तेही कलमाचा जोड मातीच्या वर ठेवून.

भराव टाकलेल्या जमिनीवर तर खणल्याशिवाय कळतच नाही, की खाली माती आहे की विटा-सिमेंटचे तुकडे. वरून सगळे सारखेच दिसते. ते तुकडे काढून चांगली माती घातली नाही, तर रोप कितीही महागाचे आणा, त्याची मुळे जातील कुठे?

या सगळ्या मेहनतीतले काहीच नंतर दिसत नाही. खड्डा बुजतो आणि झाडाखाली उभा राहून चिकू खाणाऱ्याला त्याची आठवणही राहत नाही. म्हणूनच तर आपण हे काम टाळतो. जे दिसते ते करावेसे वाटते. जे मातीखाली जाते त्याचा कंटाळा येतो. आणि मग रोप वाळले, की आपल्या चांगल्या हेतूची किंमत त्या रोपाने मोजलेली असते, आपण नव्हे. ज्या हेतूला खणायची तयारी नाही, तो नुसती इच्छाच राहतो.

लूकच्या शुभवर्तमानात (१३:६-९) फळ न देणाऱ्या अंजिराचा दाखला आहे. मालक म्हणतो, तोडून टाक. माळी एक वर्षाची मुदत मागतो. पण नुसती मुदत नाही. तो म्हणतो, मी भोवती खणीन, खत घालीन. झाडाला दोष देण्याआधी तो स्वतःच्या अंगावर काम घेतो. आपण मात्र मुलांबद्दल, सुनेबद्दल, कामावरच्या नवख्या माणसाबद्दल किती चटकन निकाल देतो! "यांच्यात काही दम नाही," असे म्हणताना त्यांच्या वाट्याला कसली माती आली होती, हे आपण पाहिलेले असते का?

कोणी म्हणेल, माणूस म्हणजे झाड नव्हे. उत्तम माती मिळूनही कोणी वाया जातो आणि खडकातूनही कोणी उगवतो. हे खरे आहे. माणसाला स्वतःची निवड असते. चिकूच्या बाबतीतसुद्धा खड्डा नीट खणला म्हणून फळाची हमी मिळत नाही. पण फळ येणे आपल्या हाती नाही, म्हणून खणणेही आपल्या हाती नाही असे होत नाही. जेवढे आपल्या हाती आहे, तेवढ्याचा जाब आपल्याला द्यावाच लागेल.

म्हणून यंदा दहा रोपे लावायची ताकद नसेल, तर दोनच लावू या. पण त्यांचे खड्डे मे महिन्यातच खणू या आणि पुढचे दोन उन्हाळे त्यांना पाणी कोण घालणार, हेही त्याच दिवशी ठरवू या.